तोंड मिटल्यावरचा 'हे'

अभिमन बोरसे यांची चित्रपटसृष्टीतली कारकीर्द एकूण दोन भूमिकांची. पहिल्या भूमिकेत त्यांनी म्हैस शोधली, दुसरीत जंताची गोळी गिळली. दुसरी भूमिका समीक्षकांच्या नजरेतून सुटली. ती आरोग्यविषयक माहितीपटात होती, आणि तो पाहायला जी शाळकरी मुलं जमवली होती त्यांनाही शेवटी तीच गोळी देण्यात येणार होती, त्यामुळे कलाकृतीकडे मोकळ्या मनाने कुणी बघू शकलं नाही.

पहिली भूमिका मात्र गाजली. इतकी की अभिमन आता चाळिशीला टेकला, टक्कल पडलं, चष्मा लागला, जळगावच्या सराफ बाजारात महावीरशेठच्या पेढीवर बांगड्यांच्या काउंटरला उभं राहून राहून टाचा दुखायला लागल्या, तरी लोक त्याची ओळख 'बालकलाकार' अशीच करून देतात. माणूस निवृत्त न्यायाधीश होतो, माजी आमदार होतो. माजी बालकलाकार होण्याची सोय आपल्याकडे अजून निघालेली नाही.

झालं होतं असं. अभिमन चौथीत असताना पुण्याचे एक दिग्दर्शक धुळ्याच्या बाजूला त्याच्या गावात आले. त्यांना एक आजोबा, एक नातू आणि एक हरवलेली म्हैस असा चित्रपट करायचा होता. आजोबा त्यांनी पुण्याहून आणले होते. नातू आणि म्हैस स्थानिक हवी होती. शाळेत पोरं रांगेत उभी केली, तेव्हा दिग्दर्शक अभिमनच्या पुढ्यात थांबले आणि म्हणाले, "या चेहऱ्यात माती आहे."

अभिमनची आई, ताईबाई, शाळेच्या दारात उभी होती. तिला राग आला. "सकायलेच धोयेल शे त्यानं तोंड," ती म्हणाली. दिग्दर्शकांना वाटलं होकार मिळाला.

चित्रपटातली म्हैस कशाचं तरी प्रतीक होती. कशाचं, ते गावात कुणाला शेवटपर्यंत कळलं नाही. जिची म्हैस होती त्या तानुबाईने तर ते मानायलाच नकार दिला, कारण म्हैस गाभण होती, आणि प्रतीक गाभण राहत नाही असं तिचं म्हणणं. पण चित्रपट सगळा त्या म्हशीवर होता. आजोबा आणि नातू दोन तास तिला शोधत फिरतात, आणि शेवटी ती त्यांच्याच गोठ्यामागच्या निंबाखाली उभी असते. नातू वळून आजोबांना एक वाक्य सांगतो आणि चित्रपट संपतो. वाक्य होतं, "आबा, म्हैस इथेच आहे."

दिग्दर्शक नैसर्गिक अभिनयाच्या बाजूचे होते. ते अभिमनजवळ उकिडवे बसले आणि म्हणाले, "बाळ, तू घरी जसं बोलतोस ना, अगदी तसंच बोल."

अभिमनने मान हलवली. कॅमेरा सुरू झाला. तो वळला आणि घरी बोलायचा तसंच बोलला, "आबा, म्हैस आठेच शे."

दिग्दर्शकांच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाले, वा. एवढं एकच वाक्य, पण पोराने असं म्हटलं होतं की तानुबाईसुद्धा आपली म्हैस खरोखर हरवली होती की काय म्हणून पुढे येऊन खात्री करून गेली.

मग मंडळी पुण्याला गेली. तिथे काही महिन्यांनी त्यांच्या लक्षात आलं की 'आठेच शे' हे उभ्या महाराष्ट्राला कळणार नाही. तेव्हा पुण्यातल्याच एका चुणचुणीत मुलाकडून अभिमनची सगळी वाक्यं पुन्हा बोलवून घेतली आणि अभिमनच्या तोंडावर चढवली. गावाला कुणी कळवलं नाही. त्यात वाईट हेतू नव्हता. ज्याच्या तोंडातून आवाज काढायचा त्याला विचारायची पद्धत नव्हती, एवढंच.

धुळ्यात चित्रपट लागला तेव्हा गाव ट्रक करून गेलं. अभिमन पुढच्या रांगेत, आई आणि बाप झुलाल यांच्या मधोमध. पडद्यावर त्याने पहिल्यांदा तोंड उघडलं, आणि त्यातून दुसराच कुणी बोलला. स्वच्छ, टोकदार, दूध पिऊन आल्यासारखा. ताईबाई अंधारात मोठ्याने म्हणाली, "हाऊ कोन बोली ऱ्हायना?"

"गप बस. सिनेमा शे," झुलाल म्हणाले. त्या पिढीत या उत्तराने बऱ्याच शंका मिटत.

दोन तास गावाने सहन केलं. शेवटचा प्रसंग आला. आता इथे थोडं व्याकरण लागेल, पण सोपं आहे. 'आठेच शे' लवकर संपतं. 'इथेच आहे'ला थोडं जास्त लागतं. तेव्हा पडद्यावरच्या अभिमनने आपलं वाक्य बोलून तोंड मिटलं, आणि मिटलेल्या तोंडातून, कुठून कोण जाणे, एक 'हे' बाहेर आला.

धुळ्याच्या माणसाला ओठांवरचा 'शे' वाचायला शाळा शिकावी लागत नाही. मग मागच्या रांगेतून कुणीतरी शांतपणे म्हणालं, "हे."

आणि सगळं थिएटर हसलं. ट्रक परत जाताना पारोळा फाट्यापर्यंत हसत होता.

पुढे दिग्दर्शकांना कुठलासा पुरस्कार मिळाला. त्यांनी नवा चित्रपट करताना अभिमनला बोलवू म्हणून सांगितलं होतं. पण त्यांना हवी असलेली माती चेहऱ्यावर असते तोवर असते, पुढे मिसरूड येतं. श्रेयनामावलीत त्याचं नाव 'अभिमन्यू' छापलं होतं, अभिमन असं नाव असू शकतं यावर पुण्यात कुणाचा विश्वास बसला नाही. म्हणजे बोलावणं आलंच असतं तरी ते दुसऱ्या कुणाला गेलं असतं.

इकडे गावात त्याचं नाव बदललंच. वर्गात तो उत्तर देऊन तोंड मिटायचा आणि मागच्या बाकावरून यायचं, "हे." किराणा दुकानात साखर मागितली, "हे." मोठेपणी लग्नात त्याने उखाणा घेतला तर उखाणा संपल्यावर अख्खं वऱ्हाड एकमुखाने म्हणालं, "हे." नवरी मेघा भुसावळच्या रेल्वे कॉलनीतली, तिथे सतरा प्रांतांच्या सतरा रीती. तिला वाटलं ही इकडची असेल. म्हणून तिने आपला उखाणा घेतला आणि शेवटी आपणच नम्रपणे "हे" म्हटलं.

दहावीनंतर अभिमन जळगावला शिकायला आला तो एक गोष्ट ठरवून. तोंडातून निघेल ते पूर्ण निघालं पाहिजे, मागे काही उरता कामा नये. त्याने 'शे' सोडला आणि 'आहे' धरला. रेडिओवरच्या बातम्या ऐकून, खोलीत भिंतीकडे तोंड करून, 'आहे'च्या 'हे'वर ओठ उघडे ठेवायची सवय केली. सुरुवातीला जबडा दुखायचा. पुढे जमलं. इतकं जमलं की पेढीवर पुण्याचं गिऱ्हाईक आलं की विचारायचं, "तुम्ही मूळचे आमच्याकडचे का हो?" पहिली काही वर्षं त्याला याचा आनंद वाटला. नंतर तो नुसता बांगडीचं माप विचारायला लागला.

महावीरशेठनी त्याला ठेवलं होतं ते या बोलण्यासाठी, आणि म्हशीसाठी. शेठ स्वतः मराठी बोलत ते जोधपूरहून निघून अजून वाटेतच असल्यासारखं, पण व्यापाराला काय लागतं ते त्यांना कळत होतं. मोठं गिऱ्हाईक बसलं की हाक यायची, "अभिमन, या ताईंना ते म्हशीचं करून दाखव ना जरा."

मग अभिमन हातातला ट्रे खाली ठेवायचा. नुसते ओठ हलवून 'आठेच शे' म्हणायचा आणि तोंड मिटायचा. गिऱ्हाईक खूश होऊन म्हणायचं, "हे!" आणि पाटल्या घ्यायचं. संध्याकाळी घरी आल्यावर तो कुणाशी फारसं बोलत नसे. हा थकवा झोपून जाणाऱ्यातला नव्हता. तो झोपेतून उठल्यावरही बरोबर उठायचा.

एकदाच त्याने मेघाला सांगितलं होतं. चहा पिता पिता म्हणाला, "एकदा तरी पडद्यावर माझं तोंड आणि माझा आवाज एकाच गाडीने यावेत. बास. मग मी सुटलो."

"येतील," मेघा म्हणाली. तिचे वडील रेल्वेत होते. "लेट असतील."

आणि यंदा, आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या तोंडावर, धुळ्याहून मगनचा फोन आला.

मगनचं धुळ्यात मोबाइल दुरुस्तीचं दुकान होतं आणि अहिराणी विनोदाचं चॅनल होतं. दुकानापेक्षा चॅनल बरं चालायचं. तो लहानपणी त्या थिएटरात होता. "भाऊ," तो म्हणाला, "बठ्ठा खान्देश तुम्हना तो डायलॉग तुम्हना आवाजमा ऐकाले बसेल शे. मी म्हैस ठरायी टाकी. आबा ठरायी टाका. फक्त तुम्ही या."

"डबिंग?" अभिमनने विचारलं.

"काय डबिंग! आम्हनाकडे जे तोंडमा, तेच माईकमा."

अभिमनने फोन ठेवला. मग महावीरशेठकडे सुट्टी मागायला गेला.

"आखाजी तोंडावर आली," शेठ म्हणाले, "लोक सोन्याला रांग लावतील अन् तू म्हशीच्या मागे?"

"एकच दिवस, शेठ."

शेठनी विचार केला. "पेढीचं नाव येईल का त्यात? असं करू, म्हशीच्या गळ्यात एक चेन घालू आपली. हलकी. दाखवण्यापुरती."

"शेठ, म्हैस हरवलेली आहे. चेन घातलेली म्हैस सापडली तर आबा म्हशीकडे बघतील का?"

"तेही खरं," शेठ म्हणाले, आणि सुट्टी दिली. पण मागून हाक मारून म्हणाले, "अन् चेन हरवली म्हटलं तर?"

सकाळच्या बसने तो निघाला. एरंडोलनंतर खिडकीकडे तोंड करून हळूच म्हणून बघितलं, "आबा, म्हैस आठेच शे."

शेजारी एक म्हातारी बसली होती, मांडीवर पिशवी. तिने वाकून सीटखाली पाहिलं. "कोठे शे?" तिने विचारलं.

"नाही, आजी, मी सहज बोललो."

म्हातारीने त्याच्याकडे नीट पाहिलं, पिशवी जवळ ओढली आणि पारोळ्याला पुढच्या सीटवर जाऊन बसली.

धुळ्याबाहेर, हायवेपासून थोडं आत, एका मळ्यात शूटिंग होतं. उन्हाने निंबाची सावलीसुद्धा तापली होती. मगनने मोबाइल तिकाटण्यावर लावला होता आणि माईक बांबूला बांधला होता. आबाचं काम करायला निंबाभाऊ होते. एसटीतून कंडक्टर म्हणून निवृत्त झालेले, चॅनलचे मोठे नट. सवय गेली नव्हती. कॅमेऱ्यासमोर गर्दी झाली की ते म्हणायचे, "चला, मांगे सरका, मांगे जागा शे." आणि म्हैस होती, शांत, काळीभोर, कशाचंही प्रतीक व्हायला तयार.

झाडाच्या पलीकडच्या बुंध्याशी ताईबाई येऊन बसली होती. गाव जवळच. मगनने तिलाही निरोप दिला होता. झुलाल गेल्यापासून ती एकटीच असे. कळण्याची भाकरी आणि ठेचा फडक्यात बांधून आणला होता. लेकाने पाया पडून विचारलं, "उन्हात कशाला आलीस, माय?"

"देखाले उनू," ती म्हणाली. "मांगे देखं तधय दुसराच बोलना."

मगन ओरडला, "चला, भाऊ! ॲक्शन!"

अभिमन निंबाकडे गेला, म्हशीच्या पाठीवर हात ठेवला, वळला आणि म्हणाला, "आबा. म्हैस. आठेच. शे."

प्रत्येक अक्षर धुतलेलं, पुसलेलं, तबकात मांडलेलं. निंबाभाऊ आपलं वाक्य विसरले. त्यांनी मगनकडे बघितलं. "हाऊ बातम्या दी ऱ्हायना का?"

मगन म्हणाला, "भाऊ, झकास. फक्त जरासं सैल. 'ठे'वर इतला जोर नको. ती म्हैस शे, तिले टोचू नका."

दुसऱ्यांदा त्याने सैल म्हटलं. ते इतकं सैल झालं की निंबाभाऊंनी विचारलं, "तब्येत बरी शे ना?" पुढच्या वेळी मुद्दाम गावरान काढला, तर तो नाटकातला गावरान झाला, धोतराबरोबर भाड्याने मिळतो तसला. निंबाभाऊ समजावून सांगायला लागले. "हाई देखा, गाडी भरेल शे, मागे म्हातारी विचारस, धुळं उनं का? तुम्ही काय म्हणशात? उनं! बस. इतलंच. आठेच शे! बोला." अभिमन बोलला. निंबाभाऊंनी मान हलवली, तिकीट नसलेल्या माणसाकडे बघून हलवतात तशी.

शेवटी त्याने डोळे मिटले. चौथीतला तो पोऱ्या आत कुठे असेल तर बघावा म्हणून शोधला. गोठ्यामागची सावली आठवली, पायाखालचा शेणाचा गारवा आठवला. पोऱ्या आला. अभिमनने डोळे उघडले, वळला आणि पुरत्या जिवाने म्हणाला,

"आबा, म्हैस आठेच आहे."

म्हशीने शेपटी हलवली. माईक धरलेल्या माणसाचा बांबू हसू दाबताना थरथरत होता.

मगन भला माणूस. त्याने अभिमनला बाजूला घेतलं, पाणी दिलं, खांद्यावर हात ठेवला. "भाऊ, टेन्शन लेऊ नका. ऊन शे, व्हस असं. आपण असं करूत. तुम्ही फक्त ओठ हलावा. आवाज नंतर टाकी देसुत. मना साला फागण्याले ऱ्हास, त्याना आवाज एकदम अस्सल शे. कोनले समजाव नही."

अभिमनने पाण्याचा ग्लास खाली ठेवला. त्याला काही बोलायचं होतं, पण कुठल्या भाषेत ते ठरेना, म्हणून तो गेला आणि आईजवळ बुंध्याला टेकून बसला.

ताईबाईने फडकं सोडलं. भाकरीचा तुकडा मोडून त्याच्या हातात दिला आणि मगनकडे बघून आवाज चढवला. "कसाले त्याले तरास दी ऱ्हायना रे? त्याले आते येस नही ते. मनासंगे बी फोनवर तो असाच बोलस. आहे, नाही, जेवलीस का, गोळ्या घेतल्या का." तिने ते अगदी त्याच्यासारखं म्हणून दाखवलं. मग खालच्या आवाजात, भाकरीकडे बघत म्हणाली, "मी समजी लेस."

अभिमन चावायचा थांबला. आठवड्यातून दोनदा फोन करायचा तो. खुशाली विचारायचा, औषधं विचारायचा, सगळं स्वच्छ आणि पूर्ण, मागे काही न उरणारं. आणि तिकडे आई ते समजून घेत होती. सिनेमा पाहावा तशी, तोंड आपल्या पोराचं असेल असं धरून.

"तू कधी बोलली नाहीस," तो म्हणाला.

"काय बोलू? तू चांगलं बोलस. गावमा इतलं चांगलं कोनलेच येस नही." तिने ठेचा पुढे सरकवला. "खाय."

त्याने भाकरी संपवली. हात धुतले. मग मगनकडे गेला.

"मगनभाऊ, साल्याला बोलवू नका. आवाज माझाच राहील. वाक्य बदला."

"वाक्य कसं बदलूत? त्या वाक्यासाठेच त बठ्ठा खेळ शे!"

"मी आता जसा बोलतो तसाच बोलणार. म्हैस इथेच आहे."

"लोके हसतीन भाऊ."

"तुमचं चॅनल विनोदीच आहे ना?"

मगन थांबला. चॅनल चालवायच्या धांदलीत ही गोष्ट त्याच्या ध्यानातून गेली होती. त्याने निंबाभाऊंकडे बघितलं. निंबाभाऊंनी उन्हाकडे बघितलं आणि म्हणाले, "डबल वाजाडा अन् गाडी काढा."

अभिमन निंबाखाली उभा राहिला. म्हशीच्या पाठीवर हात ठेवला, वळला आणि दुकानात बोलतो तसाच, दमलेल्या, स्वच्छ आवाजात म्हणाला, "आबा, म्हैस इथेच आहे."

निंबाभाऊंनी त्याला टकलापासून चपलांपर्यंत पाहिलं. हे कुठे लिहिलेलं नव्हतं. "तू कोना शे रे?" ते म्हणाले. "मना नातू त 'शे' म्हनस."

पुढचं वाक्य अभिमनकडे नव्हतं. म्हणून त्याने जे खरं होतं तेच सांगितलं. "मीच आहे, आबा. शिकायला गेलो होतो."

"आनि हाई म्हैस?" आबांनी विचारलं. "हाई बी शिकाले गयी व्हती का?"

"नाही आबा, ती इथेच होती."

"मंग तीच हुशार," आबा म्हणाले.

ताईबाई मोठ्याने हसली. बुंध्याआडचं ते हसू माईकमध्ये शिरलं. मगनने ते काढलं नाही, कारण त्याला काढता येत नव्हतं.

आखाजीच्या आदल्या दिवशी व्हिडिओ आला आणि भराभर पसरला. सुरतला राहणारे खान्देशी, नाशिकचे, मुंबईचे, सगळे एकमेकांना पाठवू लागले. महावीरशेठनी काउंटरवर उभ्या असलेल्या गिऱ्हाइकांना दाखवला आणि प्रत्येकाला सांगितलं की म्हशीला चेन घालायची कल्पना आपली होती, पण डायरेक्टरला पारख नव्हती. रात्रीच्या जेवणाआधी मेघाने अभिमनला शेजारी बसवलं आणि खालचे अभिप्राय वाचून दाखवले.

"'निंबाभाऊ एक नंबर.' 'म्हैसने जबरदस्त काम करं.' 'हाऊ पुन्याना ॲक्टर कोठेन आना?' आणि हे बघा, याला खूप जणांनी आवडलं म्हटलंय." तिने चष्मा वर केला. "'ओठ बराबर जुळतस, पण आवाज डब करेल शे. ओरिजनल पोऱ्याना आवाज पाहिजे व्हता.'"

अभिमनने फोन घेतला. उत्तर लिहायला सुरुवात केली. 'हा माझाच आवाज'. पुढे थांबला, 'आहे' लिहावं की काय लिहावं याचा विचार केला, आणि सगळं पुसून फोन तिला परत दिला.

"डबिंग मात्र छान झालंय म्हणतायत," मेघा म्हणाली.

"हो," अभिमन म्हणाला, आणि तिच्याबरोबर तोही थोडा हसला.

दुसऱ्या दिवशी आखाजी. पेढीवर सकाळपासून रांग. दुपारी गर्दी थोडी ओसरली तेव्हा ताईबाईचा फोन आला. शेजारच्या सुनेच्या मोबाइलवर तिने व्हिडिओ पाहिला होता.

"देखं," ती म्हणाली.

"काय वाटलं?"

"चांगलं शे. ऊनमा तुनं टक्कल चमकस." मग तिने खरा प्रश्न विचारला. "ती म्हैस कोनी व्हती रे? लक्षनी दिसस. दूध कितलं देस, जरा विचारी ले ना."

"विचारतो," अभिमन म्हणाला. आईला म्हैस घ्यायची नव्हती, वय नव्हतं. पण अशा गोष्टी माहीत असलेल्या बऱ्या असं तिचं मत होतं. त्याने मगनला फोन लावला. मगन नव्या व्हिडिओच्या गडबडीत होता. "कोनती म्हैस? ती व्हय! भाकड शे ती, भाऊ. दूधवाली म्हैस कोन देस शूटिंगले?"

समोर एक बाई पाटल्या हातात घालून उन्हाकडे धरून बघत होती. तिच्या मागे आणखी दोघी. शेठ गल्ल्यावरून खुणावत होते. अभिमनने एका हाताने ट्रे पुढे केला, दुसऱ्या हाताने आईला फोन लावला, आणि मान तिरकी करून फोन खांद्यात धरला.

"माय, मी विचारं मगनले," तो घाईघाईने म्हणाला. "भाकड शे ती."

"आसं का," ताईबाई म्हणाली. "तरीच म्हनं, इतली निवांत कशी उभी शे." मग तिकडून भांड्याचा आवाज आला. "पुरनपोई करेल शे मी. तू जेवना का?"

"नही अजून. गर्दी शे."

"मंग काम कर," ती म्हणाली, आणि फोन ठेवला.

पाटल्यावाली बाई पुण्याची होती. तिने अभिमनकडे पाहिलं, मूळचे कुठले ते विचारलं नाही, पाटली काढली, आणि मापात एक नंबर लहान मागितली.